‘ट्वायलाइट’चा गोड शेवट चाहत्यांना कडू का लागला?

(सूचना: या लेखात ‘ट्वायलाइट’, ‘डायव्हर्जंट’ आणि ‘लिटल विमेन’ या कथांचे शेवट सांगितले आहेत. ही पुस्तकं वाचायची बाकी असतील, तर आधी ती वाचा आणि मग इकडे या.)

१ ऑगस्ट २००८ ची रात्र. अमेरिकेतल्या कितीतरी पुस्तकांच्या दुकानांत वाचकांची गर्दी जमली होती. त्यात बहुतेक शाळकरी मुली होत्या आणि काही ठिकाणी मुलींबरोबर त्यांच्या आयाही आल्या होत्या. घड्याळात १२ वाजले आणि ‘ब्रेकिंग डॉन’ विक्रीला आलं. स्टेफनी मेयर यांच्या ‘ट्वायलाइट’ मालिकेचं हे चौथं आणि शेवटचं पुस्तक. प्रकाशकांनी पहिल्याच छपाईत ३७ लाख प्रती काढल्या होत्या आणि पहिल्या २४ तासांत एकट्या अमेरिकेत १३ लाख प्रती विकल्या गेल्या.

पुढच्या काही दिवसांत एक वेगळीच गोष्ट घडली. ज्यांनी रांगा लावून पुस्तक घेतलं होतं, त्यांच्यातल्याच काहींनी ते दुकानात परत करण्याची मोहीम सुरू केली. हे मालिकेचे टीकाकार नव्हते. पहिली तीन पुस्तकं त्यांना जवळजवळ पाठ होती.

विशेष म्हणजे या पुस्तकाचा शेवट दुःखी नाही. नायक-नायिकेचं लग्न होतं, त्यांना मुलगी होते, शत्रू परत जातो आणि सगळे सुखी होतात. मग चाहते नाराज का झाले?

आधी मालिका थोडक्यात

‘ट्वायलाइट’ हे पहिलं पुस्तक ऑक्टोबर २००५ मध्ये आलं. मेयर तेव्हा ॲरिझोनात राहणाऱ्या, तीन मुलांची आई असलेल्या गृहिणी होत्या आणि ही त्यांची पहिलीच कादंबरी होती. २ जून २००३ च्या रात्री पडलेल्या एका स्वप्नातून ही गोष्ट सुचली, असं त्या सांगतात.

१७ वर्षांची बेला स्वान वडिलांकडे, वॉशिंग्टन राज्यातल्या फोर्क्स या पावसाळी गावात राहायला येते. तिथं तिच्या वर्गातला एडवर्ड कलन हा व्हॅम्पायर निघतो. तो १९१८ मध्ये व्हॅम्पायर झाला आणि तेव्हापासून त्याचं वय १७ वरच थांबलं आहे. त्याचं कुटुंब माणसांऐवजी प्राण्यांच्या रक्तावर जगतं. बेला त्याच्या प्रेमात पडते.

‘न्यू मून’ (२००६) मध्ये एडवर्ड तिला सोडून जातो. त्या काळात तिला सावरतो तो जेकब ब्लॅक. जेकब क्विल्यूट या आदिवासी जमातीतला आहे आणि त्याला लांडग्याचं रूप घेता येतं. ‘इक्लिप्स’ (२००७) मध्ये बेलाला दोघांमधून एकाची निवड करावी लागते. ती एडवर्डला निवडते, पण जेकबवरही आपलं प्रेम आहे हे तिला कबूल करावं लागतं.

हा प्रेमाचा त्रिकोण पुस्तकाबाहेरही पसरला. ‘टीम एडवर्ड’ आणि ‘टीम जेकब’ असे दोन गट पडले, त्यांचे टी-शर्ट निघाले आणि शाळाशाळांत वाद रंगले. आज सोशल मीडियावर एखाद्या मालिकेवरून जे ‘टीम’वॉर चालतं, त्याचं हे जुनं रूप होतं.

शेवटच्या पुस्तकात काय होतं?

‘ब्रेकिंग डॉन’ची पानं साडेसातशेच्या घरात आहेत. सुरुवातीलाच बेला आणि एडवर्डचं लग्न होतं. मधुचंद्रातच बेलाला दिवस जातात. पोटातलं मूल अर्धं माणूस, अर्धं व्हॅम्पायर आहे. ते इतक्या वेगानं वाढतं की बेलाच्या जिवावर बेततं. बाळंतपणात ती मरायला टेकते, तेव्हा एडवर्ड तिला व्हॅम्पायर बनवतो. मुलीचं नाव ठेवलं जातं रेनेस्मे.

त्यानंतर व्हॅम्पायरांचे सत्ताधीश वोल्टुरी या कुटुंबाला संपवायला येतात. लहान मुलांना व्हॅम्पायर बनवणं हा त्यांच्या कायद्यात सगळ्यात मोठा गुन्हा आहे आणि रेनेस्मे तसंच मूल आहे, असा त्यांचा समज झालेला असतो. कलन कुटुंब दूरदूरहून साक्षीदार गोळा करतं. बर्फात दोन्ही बाजू समोरासमोर उभ्या राहतात. बोलणी होतात, रेनेस्मेसारखाच जन्मलेला एक तरुण साक्षीला येतो, गैरसमज दूर होतो आणि वोल्टुरी निघून जातात.

वाचकांची तक्रार नेमकी काय होती?

टीव्हीवरची मालिका घाईघाईत संपवली की आपण म्हणतो, ‘गुंडाळली’. ‘ब्रेकिंग डॉन’बद्दलची मुख्य तक्रार तशी नव्हती, कारण पुस्तक भरपूर मोठं होतं. आधीच्या तीन पुस्तकांनी वाचकाला जी किंमत सांगितली होती, ती शेवटी कोणीच मोजली नाही, ही खरी तक्रार होती.

‘व्हॅम्पायर झालीस तर काय काय गमवावं लागेल’ याची मोठी यादी पहिल्या तीन पुस्तकांनी बेलापुढे ठेवली होती. त्या यादीचं पुढे काय झालं ते पाहू.

पहिली गोष्ट, मूल. ‘इक्लिप्स’मध्ये एडवर्डची बहीण रोझली बेलाला आपली कहाणी सांगते. व्हॅम्पायर झालेल्या स्त्रीचं शरीर आहे तसंच थांबतं, तिला कधीच आई होता येत नाही, आणि रोझलीच्या मनातली ही सल कायमची आहे. बेला मात्र व्हॅम्पायर होण्याआधीच गरोदर राहते. तिला मूलही मिळतं आणि अमरत्वही.

दुसरी गोष्ट, आई-वडील. बेलाला घरच्यांशी कायमचं नातं तोडावं लागेल, हे वाचकाला पुन्हा पुन्हा सांगितलेलं होतं. प्रत्यक्षात वडील चार्ली यांना अर्धवट सत्य कळतं, ते फार प्रश्न विचारत नाहीत आणि नातीला भेटायला येत राहतात.

तिसरी गोष्ट, रक्ताची तहान. नवा व्हॅम्पायर निदान वर्षभर स्वतःवर ताबा ठेवू शकत नाही, हे दाखवण्यासाठी ‘इक्लिप्स’मध्ये अशा नव्या व्हॅम्पायरांचं अख्खं सैन्य आलं होतं. बेलाला हा काळ सोसावाच लागत नाही. पहिल्या दिवसापासून तिचा स्वतःवर आश्चर्य वाटावं इतका ताबा असतो.

चौथी गोष्ट, जेकब. बेलाच्या निवडीची सगळ्यात मोठी किंमत म्हणजे त्याचं तुटलेलं मन. पण रेनेस्मे जन्मते आणि जेकब तिच्याशी ‘इम्प्रिंट’ होतो. म्हणजे लांडग्याचं रूप घेणाऱ्याचं एखाद्या व्यक्तीशी आपोआप, आयुष्यभरासाठी जडणारं नातं. एका क्षणात त्याचं दुःख संपतं.

‘पब्लिशर्स वीकली’ या प्रकाशनक्षेत्रातल्या नियतकालिकानं त्या वेळी आपल्या समीक्षेत याच मुद्द्यावर बोट ठेवलं. पुस्तकात ज्याला जे हवं ते सगळं मिळतं आणि कोणालाच काही सोडावं लागत नाही, असा त्या समीक्षेचा रोख होता.

वाचकांच्या भाषेत सांगायचं तर तीन वर्षं आपण ज्याची धास्ती घेतली, ते आलंच नाही. बेलाला सुख मिळालं याचं त्यांना वाईट वाटलं नाही. मग आधीच्या रडण्याला अर्थ काय राहिला, हा त्यांचा प्रश्न होता.

जेकबच्या शेवटावर वेगळा राग का?

इथं तक्रार दुहेरी होती. एक म्हणजे नवजात बाळाशी जडलेलं नातं. ते नातं सुरुवातीला भावासारखं, रक्षकासारखं असतं आणि मुलगी मोठी झाल्यावरच बदलू शकतं, असं पुस्तकात सांगितलं आहे. इम्प्रिंटची कल्पनाही अचानक आलेली नव्हती. ‘इक्लिप्स’मध्ये जेकबच्या एका मित्राचं दोन वर्षांच्या मुलीशी असंच नातं जडलेलं आहे. तरीही ज्या बाईवर आपलं प्रेम होतं तिच्याच मुलीशी जेकबची गाठ बांधली जाणं अनेक वाचकांना पचलं नाही.

दुसरी तक्रार जास्त खोल होती. जेकब हे मालिकेतलं स्वतःच्या मनानं चालणारं पात्र. नकार पचवून पुढे जायला तो शिकतोय का, हे वाचकांना पाहायचं होतं. इम्प्रिंटमध्ये निवडीला जागाच नसते. त्यामुळे त्याचा प्रश्न त्यानं सोडवला नाही, कथेनं परस्पर मिटवून टाकला, असं टीम जेकबला वाटलं. विशेष म्हणजे टीम एडवर्डमधल्याही अनेकांचं मत हेच होतं.

लेखिकेची बाजू काय?

हा शेवट मेयर यांना ऐन वेळी सुचलेला नव्हता. उलट तो फार आधी ठरला होता. ‘ट्वायलाइट’ लिहून झाल्यावर त्यांनी लगेच ‘फॉरेव्हर डॉन’ नावाचा पुढचा भाग लिहिला होता. तो कधी छापला गेला नाही. त्यांनी तो बहिणीला वाढदिवसाची भेट म्हणून दिला. प्रकाशक ही मालिका किशोरवयीन वाचकांसाठी काढणार, हे स्पष्ट झाल्यावर बेलाचे शाळेतले दिवस आधी सांगणं गरजेचं वाटलं आणि त्यातून ‘न्यू मून’ व ‘इक्लिप्स’ लिहिली गेली. ‘ब्रेकिंग डॉन’चं मूळ कथानक ‘फॉरेव्हर डॉन’चंच आहे, असं मेयर यांनी सांगितलं आहे.

बरीचशी नाराजी इथून समजते. मधल्या दोन पुस्तकांत जेकब लहानशा भूमिकेतून वाढत जाऊन जवळजवळ दुसरा नायक झाला. बेलापुढची किंमतही या पुस्तकांनी वाढवत नेली. शेवट मात्र ही पुस्तकं लिहिण्याआधीचाच राहिला. रस्ता बदलला, पण मुक्कामाचं ठिकाण तेच राहिलं.

न झालेल्या लढाईबद्दलही मेयर यांचं स्पष्टीकरण आहे. ‘ब्रेकिंग डॉन’मागे शेक्सपिअरच्या ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ आणि ‘द मर्चंट ऑफ व्हेनिस’ या नाटकांची प्रेरणा असल्याचं त्या सांगतात. कथेत ॲलिस हे पात्र निरोपाची चिठ्ठी ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधून फाडलेल्या पानावर लिहून ठेवतं. त्या नाटकातलं संकट तलवारीनं टळत नाही, भर न्यायालयात युक्तिवादानं टळतं. आपल्या पुस्तकातही तसंच होणार, याची ही खूण होती. मेयर यांना सुखान्त लिहायचा होता आणि त्यांनी तो लिहिला.

सिनेमानं काय बदललं?

पुस्तकातली शांत बोलणी पडद्यावर कशी दाखवायची, हा सिनेमा करणाऱ्यांपुढचा पेच होता. नोव्हेंबर २०१२ मध्ये आलेल्या ‘ब्रेकिंग डॉन – भाग २’ मध्ये पटकथाकार मेलिसा रोझेनबर्ग आणि दिग्दर्शक बिल कॉन्डन यांनी त्यावर एक युक्ती केली. बर्फात लढाई सुरू होते. कलन कुटुंबाचा प्रमुख कार्लाईल मारला जातो, मग जॅस्पर आणि आणखी काही आवडती पात्रं मरतात. पुस्तक वाचून आलेले प्रेक्षक चक्रावून जातात. शेवटी कळतं की हे सगळं ॲलिसला दिसलेलं भविष्य होतं आणि ती ते वोल्टुरींच्या प्रमुखाला दाखवत होती. ते पाहून तो माघार घेतो.

शेवट पुस्तकातलाच राहिला. फरक एवढाच की या सुखासाठी काय गेलं असतं, हे प्रेक्षकांना काही मिनिटं का होईना डोळ्यांनी पाहायला मिळालं. पुस्तकावर नाराज असलेल्या कितीतरी चाहत्यांना सिनेमाचा शेवट आवडला, त्यामागे हे एक कारण आहे.

मग दुःखी शेवट केला तर वाचक खूश होतात का?

नाही. याचं उदाहरण पाच वर्षांनी समोर आलं. वेरॉनिका रॉथ यांची ‘डायव्हर्जंट’ मालिका भविष्यातल्या शिकागोमध्ये घडते. तिच्यात साहसाबरोबर ट्रिस आणि फोर यांची प्रेमकथा आहे. ऑक्टोबर २०१३ मध्ये तिसरं पुस्तक ‘अलिजियंट’ आलं आणि त्यात नायिका ट्रिस मरते. आधीच्या दोन पुस्तकांत गोष्ट सांगणारी ट्रिस एकटीच होती. तिसऱ्यात मात्र ट्रिस आणि फोर आळीपाळीनं बोलतात. काही वाचकांना तेव्हाच शंका आली होती.

ऑनलाइन परीक्षणांत एक-एक तारा देणाऱ्यांची रांग लागली. काही दिवसांतच रॉथ यांनी या शेवटाबद्दल सविस्तर लिहिलं. स्वतःला झोकून देणं म्हणजे काय, हे ट्रिस पहिल्या पुस्तकापासून शिकत आली होती आणि तिचा मृत्यू हा त्याच प्रवासाचा शेवट होता, असं त्यांचं म्हणणं होतं. काहींना ते पटलं. इतरांचं म्हणणं होतं की एवढं सोसून झाल्यावर ट्रिसला जगण्याचा हक्क होता. या मालिकेच्या शेवटच्या सिनेमाचं कामही पुढे गेलं नाही, त्यामुळे ट्रिसचा मृत्यू पडद्यावर कधी आलाच नाही.

दोन्ही उदाहरणं शेजारी ठेवली की एक गोष्ट दिसते. एका लेखिकेनं कोणाकडूनच किंमत घेतली नाही, दुसरीनं सगळ्यात मोठी किंमत घेतली. दोन्हीकडे वाचक दुखावले. म्हणजे शेवट गोड की कडू, यावर समाधान ठरत नाही. आधीच्या पुस्तकांनी जो हिशेब मांडला होता, तो शेवटी जुळतो का, यावर ते ठरतं.

ही नाराजी नवी आहे का?

मुळीच नाही. लुइसा मे अल्कॉट यांच्या ‘लिटल विमेन’चा पहिला भाग १८६८ मध्ये आला. वाचक मुलींनी पत्रांचा सपाटा लावला. जो मार्च आणि शेजारचा लॉरी यांचं लग्न झालंच पाहिजे, अशी त्यांची मागणी होती. स्वतः अल्कॉट यांनी लग्न केलं नव्हतं आणि जोनंही लेखिका म्हणून एकटीनं राहावं, असं त्यांना वाटत होतं. कोणाला खूश करण्यासाठी जोचं लॉरीशी लग्न लावणार नाही, असं त्यांनी डायरीत लिहून ठेवलं.

१८६९ मध्ये दुसरा भाग आला. त्यात लॉरीचं लग्न जोच्या धाकट्या बहिणीशी, एमीशी होतं आणि जोचं लग्न वयानं बऱ्याच मोठ्या असलेल्या जर्मन प्राध्यापक भाएरशी. दीडशेहून अधिक वर्षं झाली, पण ‘जो आणि लॉरी’ हा वाद संपलेला नाही. ग्रेटा गेरविग यांनी २०१९ च्या सिनेमात तर लेखिका जो आणि तिचा प्रकाशक नायिकेच्या लग्नावरून घासाघीस करतात, असा प्रसंगच घातला.

शेवट एवढा मनाला का लागतो?

मानसशास्त्रज्ञ डॅनियल कानेमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. लोकांना एकदा १४ अंश सेल्सिअस तापमानाच्या गार पाण्यात ६० सेकंद हात बुडवायला लावला. दुसऱ्या वेळी तेच ६० सेकंद आणि वर आणखी ३० सेकंद, पण या जादा वेळात पाणी हळूहळू एका अंशानं कोमट केलं. यातलं पुन्हा काय कराल, असं विचारल्यावर बहुतेकांनी दुसरा, म्हणजे जास्त वेळाचा प्रकार निवडला. कारण त्याचा शेवट जरा बरा होता. एखादा अनुभव लक्षात ठेवताना आपण त्यातला सर्वात तीव्र क्षण आणि शेवट यांना जास्त वजन देतो, असा याचा अर्थ लावला जातो.

गोष्टींच्या मालिकेत याला वयाचीही जोड मिळते. २००५ मध्ये १४ वर्षांची असलेली वाचक २००८ मध्ये १७ वर्षांची होती, म्हणजे बेलाच्याच वयाची. पहिलं प्रेम, नकार, घर सोडण्याची भीती या गोष्टी तिच्याही आयुष्यात येत होत्या. निवड केली की काहीतरी सुटतं, हे तिला रोज कळत होतं. अशा वेळी आवडत्या पुस्तकानं ‘काहीच सुटत नाही’ असं सांगितलं, की आपली फसवणूक झाल्यासारखं वाटू शकतं.

या मुलींची खिल्लीही बरीच उडवली गेली. व्हॅम्पायरच्या गोष्टीसाठी रडायचं काय, असं मोठ्यांनी म्हटलं. पण त्यांची तक्रार नीट ऐकली तर ती चांगल्या समीक्षकाच्या तोडीची होती. पात्राचा स्वभाव, आधी पेरलेल्या खुणा, संघर्षाचं वजन, सगळं त्यांनी बारकाईनं पाहिलं होतं.

दुसरी बाजूही नोंदवायला हवी. असंख्य वाचकांना हा शेवट मनापासून आवडला. सतत दुय्यम वाटणाऱ्या बेलाला शेवटी स्वतःची ताकद मिळते आणि तीच सगळ्यांना वाचवते, यात त्यांना समाधान वाटलं. मालिकेच्या जगभरात १० कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या आहेत.

शेवट आवडला नाही तर वाचक काय करतात?

काहींनी पुस्तक परत केलं. काहींनी ‘इक्लिप्स’लाच मालिकेचा शेवट मानलं. बऱ्याच जणांनी स्वतः लिहायला घेतलं आणि इंटरनेटवर ‘ट्वायलाइट’च्या फॅन फिक्शनचा, म्हणजे चाहत्यांनी तीच पात्रं घेऊन लिहिलेल्या कथांचा, ढीग पडला. ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’ची सुरुवातही अशाच एका फॅन फिक्शनमधून झाली होती.

आणि एक वेगळा शेवट खुद्द मेयर यांनीच लिहिला. पहिल्या पुस्तकाला १० वर्षं झाली तेव्हा, २०१५ मध्ये, त्यांनी ‘लाइफ अँड डेथ’ हे पुस्तक काढलं. गोष्ट ‘ट्वायलाइट’चीच, फक्त मुलगा-मुलगी अदलाबदल केलेली. बेलाच्या जागी बो नावाचा मुलगा आणि एडवर्डच्या जागी एडिथ. शेवट मात्र बदलला. ‘ट्वायलाइट’मध्ये बेलाच्या अंगात भिनलेलं विष एडवर्ड वेळेत काढतो. इथं उशीर होतो आणि बो पहिल्याच पुस्तकात व्हॅम्पायर होतो. त्याचे आई-वडील तो मेला असं समजतात. त्यांच्याकडे परत जाण्याचा मार्ग त्याच्यापुढे उरत नाही.

बोला एडिथ मिळते आणि घर सुटतं. २००८ मध्ये पुस्तक परत करायला निघालेल्या वाचकांना बेलाच्या गोष्टीत जे सापडलं नव्हतं, ते हेच होतं.